मण्यार: ओळख, वस्ती आणि आपलं अंथरूण

पहाटे तीन-साडेतीनला पोटात कळ येऊन जाग येते. घरचे ओवा चावायला देतात, पोट शेकतात, उजाडलं की डॉक्टरकडे जाऊ म्हणतात. उजाडेपर्यंत पापण्या मिटायला लागतात, जीभ जड होते, थुंकी गिळता येत नाही. अंगावर कुठे जखम नाही, सूज नाही, साप तर कोणी पाहिलेलाच नाही. पावसाळ्याचे दिवस असतील आणि माणूस जमिनीवर झोपला असेल, तर अशा वेळी माझ्या मनात पहिलं नाव मण्यारचं येतं.

बरीच वर्षं मी घराघरांतून साप पकडून रानात सोडतो आहे. नागाचा फणा आणि घोणसचा कुकरच्या शिट्टीसारखा फुत्कार माणसाला वेळेवर सावध करतात. मण्यार तसली काहीच सूचना देत नाही. म्हणून त्याला टाळायचं तर त्याचा स्वभाव, त्याचं खाणं आणि त्याची रात्र कशी जाते हे माहीत असावं लागतं. ते एकदा कळलं की घरात काय बदलायचं हे वेगळं शिकवावं लागत नाही. म्हणून हा लेख आधी सापाबद्दल आहे आणि मग आपल्याबद्दल.

पायरी १: मण्यार ओळखा, पण दुरून

साधा मण्यार, शास्त्रीय नाव बंगॅरस सेरुलियस. काही भागांत त्याला कांडर म्हणतात. नागाच्याच कुळातला, पण फणा नाही. पूर्ण वाढलेला साप साधारण तीन-साडेतीन फूट भरतो, क्वचित पाच फुटांच्याही पुढे जातो. रंग निळसर झाक असलेला काळा आणि इतका तुकतुकीत, की टॉर्चच्या उजेडात नुकतं तेल लावल्यासारखा दिसतो. त्या काळ्यावर दुधी पांढरे, अरुंद आडवे पट्टे, बहुतेक वेळा जोडीजोडीने. पोट पांढरं. डोकं मानेपेक्षा फारसं रुंद नाही आणि डोळे बारीक, मण्यासारखे, पूर्ण काळे. बुबुळ वेगळं दिसतच नाही.

आता नीट पाहायची गोष्ट म्हणजे पट्ट्यांची सुरुवात. साध्या मण्यारच्या मानेजवळ पट्टे नसतात किंवा फार पुसट असतात. शरीराचा पुढचा भाग जवळजवळ कोरा काळा, आणि शेपटीकडे जावं तसे पट्टे ठळक. पिल्लांमध्ये पुढच्या भागात पट्ट्यांऐवजी पांढरे ठिपके असतात. मोठ्या, जुन्या सापाचे पट्टे कधी इतके फिके होतात की तो नुसता काळा साप वाटतो.

याच्याशी सर्वांत जास्त गल्लत होते ती कवड्याची. कवड्या बिनविषारी, दीड-दोन फुटांचा, घराच्या भिंतीवर, खिडकीच्या चौकटीत, माळ्यावर पालींच्या मागे फिरणारा साप. त्याचा रंग तपकिरी आणि पट्टे मानेपासूनच सुरू होऊन शेपटीकडे विरत जातात. म्हणजे मण्यारच्या बरोबर उलट. भिंतीवर सरळ चढणारा पट्ट्यांचा साप बहुतेक कवड्याच असतो, कारण मण्यार हा जमिनीवरचा साप आहे. तरी त्या 'बहुतेक' शब्दावर माझा जोर आहे. भारतात मण्यारच्या अशाही जाती आहेत ज्यांचे पट्टे मानेजवळूनच सुरू होतात. सिंध मण्यार त्यातलाच. त्यामुळे 'पट्टे मानेपासून आहेत, म्हणजे कवड्या' असं म्हणून हात घालणं ही जिवावर बेतणारी चूक आहे.

ही चूक जाणकारांच्या हातूनही होते. जोसेफ स्लोविन्स्की हे अमेरिकेतले सर्पतज्ज्ञ, विषारी सापांवर आयुष्य घातलेले. सप्टेंबर २००१ मध्ये उत्तर म्यानमारच्या दुर्गम भागात मोहिमेवर असताना एका लहानशा पट्टेदार सापाला बिनविषारी समजलं गेलं. तो पिशवीत होता, त्यांनी पिशवीत हात घातला आणि तो मण्यारच्या जातीचा निघाला. सोबत्यांनी तोंडाने श्वास देत त्यांना तासन्‌तास जगवलं, पण पावसामुळे मदत पोचली नाही आणि दुसऱ्या दिवशी ते गेले. साप हातात घेऊन ओळखायचा नसतो, हे मी नव्या मुलांना शिकवताना याच घटनेवरून सांगतो.

पक्की ओळख पाठीवर असते. मण्यारच्या पाठीच्या मध्यरेषेवर मानेपासून शेपटीपर्यंत मोठ्या, षटकोनी खवल्यांची एकच रांग असते. आजूबाजूचे खवले लहान आणि तिरके, मधली रांग ठसठशीत. कवड्याला ही रांग नसते. जिवंत सापावर हे पाहायला जाऊ नका. पण गोठ्यात, विटांच्या फटीत कात सापडली, तर ती पाण्यात दोन मिनिटं भिजवून उजेडापुढे धरा. कातीत रंग फार उरत नाही, ठसा मात्र राहतो. मधोमध षटकोनी खवल्यांची माळ आणि शेपटीच्या खालच्या बाजूला खवले न दुभंगलेले, एकसंध, असं दिसलं तर त्या ढिगात मण्यारचं येणं-जाणं आहे असं समजून पुढच्या कामाला लागा.

विदर्भाच्या पूर्व भागात, गडचिरोली-चंद्रपूर-गोंदियाकडे, पट्टेरी मण्यार म्हणजे बंगॅरस फॅसिएटस हाही आढळतो. त्याला आग्या मण्यार असंही म्हणतात. तिथून पुढे छत्तीसगड, ओडिशा, बंगाल, आसाम आणि थेट आग्नेय आशियापर्यंत त्याची वस्ती आहे. काळे आणि पिवळे रुंद पट्टे, जवळजवळ सारख्याच मापाचे, पोटाखालूनही फिरून आलेले. पाठीचा कणा वर आलेला, त्यामुळे अंग आडवं कापलं तर त्रिकोणी दिसेल असं. शेपटीचं टोक बोथट, बोटाच्या पेरासारखं. लांबी सहा-सात फुटांपर्यंत. इतका देखणा साप आपल्याकडे दुसरा नाही असं माझं मत आहे. तो मुख्यतः इतर साप खातो, माणसाला त्याचा दंश फार कमी होतो आणि दिवसा तर तो डोकं वेटोळ्यात खुपसून पडून राहतो. म्हणून कोणी त्याला निरुपद्रवी समजून हाताळू नये. विष जहालच आहे, आणि आपल्याकडची सर्पदंशावरची लस, म्हणजे विष मारणारं प्रतिविष, बनवताना याचं विष वापरलेलं नसतं.

पायरी २: तो कुठे राहतो ते पाहा

मण्यार घनदाट जंगलात शोधायचा साप नाही. मैदानी मुलूख, शेतं, झुडपी माळ, पाण्याजवळची जमीन आणि गावाच्या कडा ही त्याची खरी वस्ती. भारत, पाकिस्तान, श्रीलंका, नेपाळ, बांगलादेश अशी त्याची व्याप्ती. तो स्वतः बीळ खणत नाही. दुसऱ्याच्या घरात राहतो: उंदराचं बीळ, वारूळ, दगडी बांधाची पोकळी, विटांचा ढीग, पडक्या भिंतीची माती, सरपण, कौलांची थप्पी.

त्याच्या खाण्याची यादी पाहिली की तो आपल्या घराकडे का येतो हे कळतं. इतर साप, अगदी जमिनीतले गांडुळासारखे दिसणारे वाळेसुद्धा, आणि वेळप्रसंगी दुसरा मण्यारही. त्याखेरीज उंदीर, पाली, सापसुरळ्या, बेडूक. पावसाळ्यात दिव्याखाली किडे येतात, किड्यांमागे पाली-बेडूक येतात, सांडलेल्या धान्यामागे उंदीर येतात, आणि या सगळ्यांच्या वासावर मण्यार येतो. माणूस त्याच्या यादीत कुठेच नाही. आपण फक्त त्याच्या वाटेत आडवे झोपलेलो असतो.

तेव्हा दिवसाउजेडी घराभोवती एक चक्कर मारा. उंदरांची बिळं मोजा, भिंतीला टेकून ठेवलेलं काय काय आहे ते पाहा, सांडपाण्याची मोरी कुठे उघडी आहे ते पाहा. पावसाळ्याआधी, मे महिन्यात केलेली ही चक्कर सर्वांत उपयोगी पडते. मादी उन्हाळ्यात अशाच एखाद्या पोकळीत आठ-दहा अंडी घालते आणि त्यांच्याभोवती राहते, पावसाळ्याच्या तोंडावर जेमतेम वीतभराहून थोडी मोठी पिल्लं बाहेर पडतात. पिल्लू जन्मापासून विषारी असतं.

ढीग उपसताना काठीने, फावड्याने उपसा. हात घालायचा नाही आणि पायात बूट हवेत. एकदा एका वस्तीवर विटांचा जुना चौथरा हलवताना खालून काळं-पांढरं दोरीचं भेंडोळं निघालं. कामावरच्या बाईंनी ते बाजूला करायला हात पुढे केला होता. मण्यार दिवसा असाच सापडतो: सैल गोळा करून, डोकं वेटोळ्यांच्या तळाशी लपवून. डिवचलं तर अंग चपटं करतो, झटके देतो, पण चावायला बघत नाही. लोकांना तो आजारी किंवा मेलेला वाटतो. हाच साप रात्री हात लागताच चावतो, आणि कधी कधी चावा धरून ठेवतो.

पायरी ३: त्याची रात्र समजून घ्या

मण्यार अंधार पडल्यावर निघतो. भिंतीच्या कडेकडेने, जमिनीला चिकटून फिरतो. दाराखालून बोटभर फट मिळाली तरी आत येतो. घरात शिरला की पाली, उंदीर हुंगत कोपरे तपासत जातो. वाटेत सतरंजी, गोधडी, उशी लागते. त्याला ती निवाऱ्याची जागा वाटते. झोपलेला माणूस कूस बदलतो, हात टाकतो, साप दबतो आणि चावतो. म्हणून मण्यारचे दंश बहुतेक मध्यरात्र ते पहाट या वेळात, जमिनीवर झोपलेल्यांना होतात.

दात आखूड आणि बारीक. डासाने किंवा मुंगीने चावल्यासारखं वाटतं, काहींना तेही जाणवत नाही. माणूस खाजवून पुन्हा झोपतो. नाग किंवा घोणस चावल्यावर येणारी सूज, आग, काळं पडणं यातलं इथे जवळजवळ काहीच नसतं. राजस्थानात 'पीवणा' नावाच्या सापाची समजूत आहे, तो झोपलेल्या माणसाच्या छातीवर बसून श्वास पितो म्हणे. तो पीवणा म्हणजे सिंध मण्यार. अंगावर खूण नाही आणि श्वास मात्र बंद झाला, हे पाहून लोकांनी लावलेला तो अर्थ आहे. निरीक्षण खरं होतं, कारण तेवढं चुकलं.

पायरी ४: झोपायची जागा बदला

या लेखातली एकच गोष्ट करणार असाल तर ही करा. जमिनीवर झोपू नका. खाट, बाज, लाकडी पलंग, काहीही चालेल. अंथरुणाची टोकं खाली लोंबू देऊ नका आणि खाट भिंतीपासून थोडी दूर ठेवा.

खाट नसेल, घरात माणसं जास्त असतील, तर मच्छरदाणी. मी हे डासांसाठी सांगत नाही. नेपाळच्या आग्नेय भागात झालेल्या आणि २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मच्छरदाणीत झोपणाऱ्यांना सर्पदंशाचा धोका ठळकपणे कमी आढळला. अट एकच: जाळी गादीखाली किंवा सतरंजीखाली चारही बाजूंनी खोचलेली हवी. नुसती सोडलेली जाळी म्हणजे सापाला आत शिरून अडकायची सोय. खोचण्याआधी आत टॉर्च मारा. उशी उचला, गोधडी झटका. अंथरूण दिवसभर जमिनीवर पसरलेलं राहत असेल तर ते रोज संध्याकाळी झटकायचंच.

ऊसतोडीच्या पालांवर, वीटभट्टीवर, शेतातल्या राखणीला झोपणाऱ्यांचं काय, हा प्रश्न मला नेहमी विचारतात आणि तो रास्त आहे. तिथे खाट न्यायला सांगणं सोपं, करणं कठीण. चार मेढी ठोकून केलेला गुडघाभर उंचीचा माचाही जमिनीपेक्षा कितीतरी बरा. तेही जमलं नाही तर खोचलेली मच्छरदाणी, आणि झोपायची जागा सरपण, पाचट, धान्याची पोती यांच्यापासून लांब. लहान मुलांना मधे आणि जाळीत.

घराचं काम त्यानंतर. दाराखालची फट रबरी पट्टीने किंवा गुंडाळलेल्या जाड गोणपाटाने बंद करा. बोट जात असेल तर मण्यार जातो, हे माप लक्षात ठेवा. मोरीच्या तोंडाला जाळी बसवा. धान्य पत्र्याच्या कोठीत, उष्टं-खरकटं रात्रभर उघडं नको, कोंबड्यांचं खुराडं झोपायच्या खोलीला लागून नको. उंदीर कमी झाले की साप आपोआप कमी होतो. सरपण आणि विटा घरापासून काही पावलं दूर, शक्य तर मांडणीवर. रात्री बाहेर पडताना टॉर्च आणि पायात बूट, निदान बंद चप्पल. चपलेत पाय घालण्याआधी ती उलटी करून आपटा.

फिनाईल, कार्बोलिक ॲसिड, मीठ, लसणाचं पाणी, गंधक यांनी साप दूर राहत नाही. कार्बोलिकने माणसाची कातडी मात्र भाजते, आणि औषध शिंपडलंय म्हणून घरचे निर्धास्त जमिनीवर झोपतात. मला त्या निर्धास्तपणाची भीती वाटते.

पायरी ५: साप दिसला तर

दिवा लावा. मुलं आणि जनावरं बाहेर काढा. एका मोठ्या माणसाने आठ-दहा फूट अंतरावरून सापावर नजर ठेवून उभं राहायचं, बस्स. नजर हटली की तो फटीत जातो आणि मग अख्खं घर उपसावं लागतं. जवळच्या सर्पमित्राला किंवा महाराष्ट्रात वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करा. मोबाइलवर दुरूनच झूम करून फोटो घेता आला तर घ्या, जवळ जाऊन नाही.

मारायला जाऊ नका. काठी उगारणारा माणूस सापाच्या टप्प्यात येतो, आणि दंशांपैकी काही तसेच होतात. मेलेल्या सापाच्या तोंडाजवळही बोट नेऊ नका. तुटलेलं डोकंसुद्धा काही काळ चावू शकतं.

पायरी ६: दंशाची शंका कधी घ्यायची

साप पाहिला नाही म्हणून दंश झाला नाही, असं मण्यारच्या बाबतीत म्हणता येत नाही. पावसाळ्यात जमिनीवर झोपलेला, आदल्या रात्री ठणठणीत असलेला माणूस पहाटे पोटदुखी, उलटी, घशात दुखणं, अंग-सांधे दुखणं किंवा नुसतंच विचित्र वाटणं अशी तक्रार करत उठला, तर पुढच्या चार गोष्टी तिथल्या तिथे करून पाहा.

मान न हलवता वर आढ्याकडे बघायला सांगा. पापण्या पूर्ण वर जातात का, की अर्ध्यावर थांबतात? एकाच्या दोन वस्तू दिसतात का? झोपलेल्या अवस्थेत उशीवरून डोकं उचलून धरायला सांगा. मान लटकी पडते का? एका श्वासात एक, दोन, तीन मोठ्याने मोजायला सांगा, कुठपर्यंत पोचला ते लक्षात ठेवा आणि थोड्या वेळाने पुन्हा मोजायला सांगा. आकडा घटत असेल तर श्वासाचे स्नायू थकत चालले आहेत. आणि थुंकी गिळता येते का, की तोंडातून ओघळते?

यातलं एकही बिनसलेलं दिसलं, तर गॅस, अपचन, बाहेरची बाधा, लकवा यांत वेळ घालवू नका. लक्षणं अर्ध्या तासातही सुरू होतात, कधी सहा-बारा तासही लागतात. आणि शेजारी झोपलेल्या प्रत्येकाला तसंच तपासा. एकच साप एकाच अंथरुणातल्या दोघांना चावल्याची उदाहरणं आहेत.

हे शरीरात कसं घडतं ते थोडक्यात सांगतो, कारण त्यावरच पुढची घाई अवलंबून आहे. आपला मेंदू स्नायूला हुकूम देतो तो नसेच्या टोकातून बाहेर पडणाऱ्या ॲसिटिलकोलीन नावाच्या रसायनाने. मण्यारच्या विषातला बंगॅरोटॉक्सिन हा गट दोन्हीकडून घाव घालतो. त्यातला एक प्रकार स्नायूवरची रसायन पकडायची जागा अडवतो. दुसरा, जास्त घातक प्रकार नसेचं टोकच आतून निकामी करतो. लस रक्तात फिरणाऱ्या विषाला धरते, टोकात शिरून झालेलं नुकसान तिला भरून काढता येत नाही. ते टोक शरीराला नव्याने उभारावं लागतं आणि त्याला दिवस, कधी आठवडे लागतात. म्हणून लस लवकर हवी. आणि उशीर झाला असेल तर नसा सावरेपर्यंत श्वास चालू ठेवणारं यंत्र हवं.

पायरी ७: पहिला तास

रुग्णाला चालवू नका. चावलेला अवयव हलणार नाही असा ठेवा, अंगठी, बांगड्या, घड्याळ, पैंजण काढा. १०८ ला फोन करा. रुग्णवाहिका यायला फार वेळ लागणार असेल तर मिळेल त्या वाहनाने निघा. मोटारसायकल असेल तर रुग्णाला चालवणारा आणि मागे बसणारा यांच्या मधे बसवा, कारण तो कधीही सैल पडू शकतो.

दोरी आवळून बांधणं, चिरा देणं, तोंडाने रक्त ओढणं, बर्फ, मिरची चाखवून पाहणं, कोंबडी लावणं, झाडपाला पाजणं, यातलं काहीही नको. पाजलेलं काहीही धोक्याचंच, कारण गिळायचे स्नायूच कमजोर होत असतात आणि पाणी श्वासनलिकेत जातं. उलटी होत असेल तर डाव्या कुशीवर झोपवा.

मांत्रिकाकडे किंवा देवळात नेणाऱ्यांवर मी चिडत नाही. भीतीपोटी माणूस ओळखीच्या दाराकडे धावतो. पण घोणस-नागाच्या कितीतरी चाव्यांत विष उतरलेलंच नसतं, बिनविषारी सापांचे चावे वेगळेच, आणि त्या बऱ्या झालेल्यांच्या जोरावर मंत्राची ख्याती टिकते. देवाला नवस बोला, पण गाडीत बसून बोला. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने अंदाजे १२ लाख माणसं गेली, म्हणजे वर्षाला सरासरी ५८ हजार. त्यातले बहुसंख्य मृत्यू खेड्यातले, बरेचसे घरातच झालेले.

कुठे न्यायचं हे आजच, घरात सगळे धडधाकट असताना ठरवा. जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात आणि ग्रामीण रुग्णालयात दोन प्रश्न विचारून या: सापाची लस आहे का, आणि व्हेंटिलेटर किंवा निदान अंबू बॅग (हाताने दाबून श्वास देायची रबरी पिशवी) हाताळणारं माणूस रात्री असतं का. जवळच्या केंद्रात लस असेल तर आधी तिथे ती सुरू करून मग मोठ्या रुग्णालयात जाणं बहुतेक वेळा शहाणपणाचं. वाटेत श्वास मंदावला, ओठ निळे पडले तर हनुवटी वर उचलून तोंडाने श्वास द्यायला सुरुवात करा आणि रुग्णालय येईपर्यंत थांबू नका. हृदय चालू असतं, बंद पडत असतो तो भाता.

पायरी ८: दवाखान्यात

डॉक्टरांना सांगायच्या गोष्टी एका कागदावर लिहून न्या: कितीला झोपला, कितीला जाग आली, पहिली तक्रार कोणती, पापणी कधी पडली, कुठे झोपला होता, वाटेत काय पाजलं किंवा बांधलं. 'साप पाहिला नाही, पण जमिनीवर झोपला होता' हे वाक्य आवर्जून बोला. गर्दीच्या रात्रपाळीत या एका वाक्याने निदानाची दिशा बदलते.

भारतात मिळणारी लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषावर चालते, त्यामुळे साप मारून दाखवायला नेण्याची गरज नाही. सुरुवातीचा डोस साधारण दहा व्हायल्सचा, म्हणजे लसीच्या दहा लहान बाटल्यांचा, असतो आणि लहान मुलालाही तेवढाच देतात. मूल लहान म्हणून सापाने विष कमी सोडलेलं नसतं. घोड्याच्या रक्तापासून बनत असल्याने लसीची रिॲक्शन येऊ शकते. ती सांभाळायची औषधं हाताशी ठेवूनच डॉक्टर ती देतात, म्हणून ती घरी किंवा रस्त्यात घ्यायची गोष्ट नाही. लक्षणं काहीच नसली तरी मण्यारच्या शंकेत पूर्ण २४ तास देखरेखीखाली राहा. 'बरं वाटतंय' म्हणून सही करून घरी आणलेला रुग्ण संध्याकाळी परत न्यावा लागतो, आणि दर वेळी पोचतोच असं नाही.

आता सगळ्यांत महत्त्वाचं, जे नातेवाइकांना फार थोडे लोक सांगतात. मण्यारच्या विषाने पूर्ण लुळा पडलेला रुग्ण मेल्यासारखा दिसतो. डोळे उघडत नाहीत, बाहुल्या मोठ्या होऊन प्रकाशाला हलत नाहीत, चिमटा काढला तरी हात हलत नाही. घरचे हाय खातात, कोणी म्हणतं यंत्र काढा, घरी नेऊ. हा निर्णय घेऊ नका. बाहुल्यांचे स्नायूही विषानेच थांबलेले असतात, त्यावरून मेंदू गेला असं ठरवता येत नाही. व्हेंटिलेटरवर काही दिवस काढून असे रुग्ण पायांनी चालत घरी गेलेले आहेत.

आणि तो माणूस बऱ्याचदा शुद्धीवर असतो. त्याला ऐकू येत असतं, सुई टोचलेली कळत असते, फक्त सांगता येत नसतं. म्हणून त्याच्या खाटेशी उभं राहून रडारड करू नका, खर्चाच्या गोष्टी बोलू नका. आत सोडतील तेव्हा हात हातात घ्या, आज वार कोणता ते सांगा, घरी कोण आहे, गाय कोणी सोडली, मुलं शाळेत गेली का ते सांगा. यंत्र तुझ्यासाठी श्वास घेतंय, काही दिवसांनी तुझा तू घेशील, असं सांगा. परत येणारी पहिली हालचाल फार बारीक असते, एखाद्या बोटाची किंवा भुवईची, आणि ती पुष्कळदा शेजारी बसलेल्या घरच्या माणसालाच आधी दिसते. दिसली की लगेच नर्सला हाक मारा.